स्टोव्हच्या आवाजाआड

दिंडोशीच्या नागरी निवाऱ्यातल्या आमच्या घरात माळ्यावर एक पितळी स्टोव्ह आहे. आजी तो मोडीत देऊ देत नाही. "त्यानं किती बातम्या झाकल्यात, तुला काय माहीत!"

गोष्ट गोरेगावच्या चाळीतली. २५ जून १९७५च्या रात्री आणीबाणी आली, पाठोपाठ पेपरांवर सेन्सॉर. आजोबा मग छोट्या जाहिरातीही बारकाईनं वाचू लागले. २८ जूनला 'टाइम्स ऑफ इंडिया'च्या मुंबई आवृत्तीत कुणा डी. ई. एम. ओ'क्रसी यांच्या निधनाची जाहिरात होती, टी. रूथचे पती, एल. आय. बर्टीचे वडील. नावं भरभर वाचली की कळे, वारली ती डेमॉक्रसी. मागे राहिले ट्रूथ आणि लिबर्टी. अशोक महादेवन या पत्रकारानं दिलेली ती जाहिरात सेन्सॉरच्या नजरेतून निसटली होती.

रात्री भरवसा बीबीसीचा. चाळीच्या भिंती पातळ, कोण कुठं जाऊन सांगेल नेम नाही. म्हणून आजी स्टोव्हला दाबून पंप मारायची आणि त्या फर्रफर्र आवाजाआड आजोबा ट्रान्झिस्टर कानाला लावायचे. वर आधणसुद्धा नाही, रॉकेल मात्र रेशनचं. त्यावरून दोघांची रोज जुंपायची.

परदेशी वार्ताहरांचीही गय नव्हती. 'वॉशिंग्टन पोस्ट'च्या लुईस सायमन्सना आठवड्याभरात देशाबाहेर काढलं. सेन्सॉरचे नियम पाळण्याची हमी देईनात म्हणून लंडनच्या 'टाइम्स'चे पीटर हेझलहर्स्ट, 'न्यूजवीक'चे लॉरेन जेंकिन्स, 'डेली टेलिग्राफ'चे पीटर गिल जुलैतच गेले. बीबीसीच्या मार्क टलींनाही जावं लागलं.

"त्यांना विमानात तरी बसवलं," आजी म्हणते. "आपल्या मृणालताई कुठं आहेत, हे विचारायचीही चोरी." गोरेगावच्या समाजवादी नेत्या मृणाल गोरे भूमिगत होत्या; पुढे पकडल्या गेल्या. जगाची बातमी लंडनहून यायची, गोरेगावची नळावरच्या कुजबुजीतून. याच मृणालताई आणि बाबूराव सामंतांच्या खटपटीतून पुढे दिंडोशीची आमची वसाहत उभी राहिली.

मार्च १९७७. रायबरेलीत इंदिराबाई पडल्या, उत्तर मुंबईतून मृणालताई निवडून आल्या. त्या रात्री आजोबांनी ट्रान्झिस्टर गॅलरीच्या कठड्यावर ठेवला आणि आवाज पूर्ण मोठा केला. चाळभर माणसं गोळा झाली.

"मग तू काय केलंस?" मी विचारलं.

"काय करणार? बाटलीभर रॉकेल वाचलं. सगळ्यांना चहा केला."