पतपुरवठा, ग्रामीण (महाराष्ट्र)

शेती, शेतीला जोडून असलेले व्यवसाय आणि खेड्यातील कारागिरी यांना लागणारे भांडवल कर्जाच्या रूपाने पुरविण्याची व्यवस्था. मुदतीनुसार तिचे तीन प्रकार मानले जातात : बियाणे, खते व मजुरी यांसाठी एका हंगामापुरते मिळणारे अल्पमुदतीचे पीककर्ज, बैलजोडी, दुभती जनावरे, अवजारे यांसाठीचे मध्यम मुदतीचे कर्ज, आणि विहीर, पाइपलाइन, फळबाग, जमीन सुधारणा यांसाठीचे दीर्घ मुदतीचे कर्ज. शेतीचे उत्पन्न वर्षातून एकदा-दोनदा हाती येते, खर्च मात्र पेरणीपासूनच सुरू होतो. हे मधले महिने कोणाच्या पैशावर, किती व्याजाने आणि कशाच्या तारणावर निघतात, यावर खेड्यातील जमीन कोणाच्या हाती राहणार हे पुष्कळदा ठरत आले आहे.

या प्रश्नाकडे सरकारचे लक्ष वेधले ते १८७५ च्या उठावाने. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात कापसाला आलेली तेजी ओसरली, त्यातच शेतसाऱ्याची फेरआकारणी वाढीव दराने झाली आणि सावकारांनी हात आखडता घेतला, तेव्हा पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील शेतकऱ्यांनी सुपे येथून सुरुवात करून सावकारांकडील कर्जरोखे व खातेवह्या जाळल्या. जाळपोळीचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता, ही त्या उठावातील सर्वांत बोलकी गोष्ट होय. त्यानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना संरक्षण देणारा कायदा झाला आणि १८८३ व १८८४ च्या कायद्यांनी तगाईची, म्हणजे सरकारी तिजोरीतून मिळणाऱ्या कर्जाची, सोय झाली. परंतु सावकाराला पर्याय ठरेल अशी संस्था उभी राहिली नाही. विल्यम वेडरबर्न यांनी १८८० च्या दशकात पुरंदर तालुक्यासाठी मांडलेली शेतकी बँकेची योजना लंडनहून मंजुरी न मिळाल्याने बारगळली. १९०४ च्या कायद्याने गावपातळीवरील सहकारी पतसंस्थांना आणि १९१२ च्या कायद्याने त्यांच्या वरच्या संघीय बँकांना मार्ग मोकळा झाला. दरम्यान १९११ मध्ये विठ्ठलदास ठाकरसी व लल्लुभाई सामळदास यांच्या पुढाकाराने मुंबईत मध्यवर्ती सहकारी बँक निघाली. आजच्या राज्य सहकारी बँकेचे मूळ तिच्यात आहे.

राज्य बँक, जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँक आणि गावची विविध कार्यकारी सेवा सोसायटी अशी ही तीन पायऱ्यांची रचना आहे. शेतकऱ्याचा संबंध मुख्यत्वे सोसायटीशी आणि तिच्या गटसचिवाशी येतो. सभासदाने भाग घ्यायचे, सात-बारा व आठ-अचे उतारे द्यायचे, जमिनीवर बोजा चढविणारा इकरार करून द्यायचा; मग तांत्रिक समितीने जिल्ह्यासाठी पीकवार ठरविलेल्या हेक्टरी दराने त्याची कर्जमर्यादा पत्रकात नोंदली जाते. ही पद्धत सुटसुटीत आहे, पण पत मोजण्याचे माप म्हणून ती प्रामुख्याने जमीन आणि पीक ओळखते, आणि तिच्या पुढच्या बहुतेक अडचणी यातूनच निघतात.

१९५१-५२ च्या अखिल भारतीय ग्रामीण पतपाहणीने या यंत्रणेचे खरे बळ उघड केले. ए. डी. गोरवाला यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या १९५४ च्या अहवालानुसार शेतकऱ्यांच्या एकूण कर्जउचलीत सहकारी संस्थांचा वाटा अवघा ३.१ टक्के व व्यापारी बँकांचा ०.९ टक्के होता, तर सुमारे ७० टक्के कर्ज सावकारांचे होते. अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ या समितीचे सदस्य होते. सहकार फसला असला तरी तो सोडून देता येणार नाही, आणि कर्जाची सांगड माल साठविणे, त्यावर प्रक्रिया करणे व तो विकणे यांच्याशी घातल्याशिवाय तो तगणार नाही, हा समितीच्या प्रतिपादनाचा गाभा होता. ग्रामीण पतपुरवठ्यावर नंतर पुष्कळ लिहिले गेले असले तरी या निदानाची धार कमी झालेली नाही.

त्याचा प्रत्यय नगर जिल्ह्यात आलेला होता. लोणी येथे आधी पतपेढी चालविलेल्या विठ्ठलराव विखे पाटील यांनी गाडगीळांच्या साहाय्याने प्रवरा कालव्याच्या लाभक्षेत्रात उभारलेला सहकारी साखर कारखाना १९५०-५१ च्या हंगामात सुरू झाला. तेथे ऊस कारखान्याकडेच जाणार हे ठरलेले असल्यामुळे उसाच्या बिलातून सोसायटीचे देणे परस्पर कापून घेता येई. वसुली खात्रीची, म्हणून पुढचे कर्ज वेळेवर, आणि कर्ज वेळेवर म्हणून लागवड वेळेवर, अशी साखळी तयार झाली. पश्चिम महाराष्ट्रातील अनेक जिल्हा बँका याच पायावर वाढल्या. विदर्भ-मराठवाड्यातील कोरडवाहू कापूस, तूर किंवा सोयाबीन यांना पावसाचीही हमी नव्हती आणि गिऱ्हाइकाचीही. तोच कायदा, तीच तीन पायऱ्यांची रचना आणि तेच इकरार असूनही परिणाम इतके वेगळे निघाले, याचे कारण शेतकऱ्याच्या नियतीत शोधणे अन्यायाचे आहे. ते पाण्यात आणि बाजारपेठेत आहे.

व्यापारी बँका खेड्याकडे वळल्या त्या धोरणाच्या रेट्यामुळे. १९५५ मध्ये गोरवाला समितीच्या शिफारशीवरून स्टेट बँक स्थापन झाली, १९ जुलै १९६९ रोजी १४ बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले आणि त्याच वर्षी प्रत्येक जिल्ह्याचे पालकत्व एका बँकेकडे देणारी अग्रणी बँक योजना आली. १९७५ पासून ग्रामीण बँका निघाल्या. १२ जुलै १९८२ रोजी राष्ट्रीय कृषी व ग्रामीण विकास बँक, म्हणजे नाबार्ड, स्थापन झाली. ती शेतकऱ्याला थेट कर्ज न देता मुख्यतः कर्ज देणाऱ्या संस्थांना फेरकर्ज पुरविते. एकूण कर्जांपैकी १८ टक्के शेतीला द्यावीत असे अग्रक्रम क्षेत्राचे बंधनही बँकांवर आहे. दीर्घ मुदतीच्या कर्जाची बाजू मात्र लंगडी पडली, कारण विहिरी व पंप यांना पैसा पुरविणाऱ्या भूविकास बँका थकबाकीखाली दबून राज्यात बंद पडल्या.

वेळेवर फेड करणाऱ्यास व्याजात सवलत मिळते. तीन लाख रुपयांपर्यंतच्या पीककर्जावर केंद्र व राज्य यांच्या सवलती मिळून व्याज शून्यावर येते. तथापि ही मुदत आणि माल विकला जाण्याची वेळ जुळतेच असे नाही. मार्चअखेर जवळ आली आणि कापूस घरातच असला, तर शेतकरी व्यापाऱ्याकडून किंवा सावकाराकडून काही दिवसांसाठी रक्कम उचलतो, सोसायटीत भरतो, नवे कर्ज मंजूर झाले की ती व्याजासह परत करतो. यालाच गावोगाव ‘नवे-जुने करणे’ म्हणतात. बँकेच्या वहीत कर्जफेड झालेली असते, व्याजही शून्य असते. प्रत्यक्षात त्या थोड्या दिवसांचे व्याज सावकाराच्या पदरात पडलेले असते आणि कर्ज जिथल्या तिथेच असते. वसुलीचे आकडे वाचताना हा व्यवहार ध्यानात घेणे आवश्यक आहे.

फेड थांबली की शेतकरी थकबाकीदार ठरतो, नव्या कर्जाला अपात्र होतो आणि उघडपणे सावकाराकडे जातो. या कोंडीवर कर्जमाफीचा उपाय वारंवार योजला गेला. २००८ च्या केंद्रीय योजनेत संपूर्ण माफीसाठी दोन हेक्टरांची मर्यादा होती. विदर्भातील कोरडवाहू शेतकऱ्याची जमीन कागदावर त्याहून अधिक पण उत्पन्न बागायतदाराच्या एकरभराइतकेही नाही, अशी स्थिती असल्यामुळे तिचा लाभ गरज मोठी तिथेच अपुरा पोहोचला. राज्याने २०१७ मध्ये दीड लाख रुपयांपर्यंत व २०१९ मध्ये दोन लाखांपर्यंत माफी दिली, आणि दुसऱ्या योजनेत नियमित फेड करणाऱ्यांसाठी ५० हजार रुपयांपर्यंतचे प्रोत्साहन अनुदानही ठेवले. माफीने सात-बारा कोरा होतो व शेतकरी पुन्हा कर्जास पात्र ठरतो, हा तिचा खरा उपयोग आहे आणि तो कमी लेखता येत नाही. मात्र पुढच्या हंगामातील भाव व पाऊस यांवर तिचा काहीही अंमल चालत नाही.

ज्यांच्या नावावर सात-बाराच नाही, त्यांच्यापर्यंत ही व्यवस्था फार उशिरा पोहोचली. कूळ लागेल या भीतीने जमीनमालक बटाईचा करार तोंडीच ठेवतो, त्यामुळे जमीन कसणाऱ्या बटाईदाराजवळ बँकेला दाखविण्याजोगा कागद नसतो. अशांसाठी संयुक्त देयता गट, म्हणजे परस्परांची हमी घेणाऱ्या चार-दहा जणांचे गट, सुचविले गेले. शेतात राबणाऱ्या स्त्रियांची स्थितीही हीच होती. नाबार्डने १९९२ मध्ये बचत गट बँकांशी जोडण्याचा उपक्रम हाती घेतला आणि राज्यात महिला आर्थिक विकास महामंडळाने, पुढे ‘उमेद’ अभियानाने, तो खेडोपाडी नेला. गटात जमिनीच्या तारणाऐवजी दरमहाची बचत, अंतर्गत कर्जाची नोंदवही आणि सभासदांची एकमेकींवरील नजर यांवर कर्ज मिळते. सातारा जिल्ह्यातील म्हसवड येथे १९९७ मध्ये निघालेली माणदेशी महिला सहकारी बँक याच अनुभवाच्या पुढची पायरी होय : माण हा पर्जन्यछायेतील दुष्काळी तालुका असून तेथील भाजीवाल्या, शेळ्या पाळणाऱ्या आणि शेतमजूर स्त्रियांना तारणापेक्षा छोट्या रकमेची आणि ती दारात येऊन गोळा करणाऱ्या माणसाची गरज होती, हे या बँकेने ओळखले. शेळी, शिलाई यंत्र किंवा किराणा दुकान यांसाठी घेतलेल्या अशा कर्जांच्या रकमा पीककर्जाच्या तुलनेत लहान असतात. पण खेड्यातील निम्म्या प्रौढांचे बँकेत स्वतःच्या नावाने खाते उघडण्याची सुरुवात पुष्कळ ठिकाणी त्यांच्यापासूनच झाली आहे.