ओसाड दऱ्यांचा इतिहास : स्कॉटलंडमधील एका दिवसाची सहल



स्कॉटलंडची राजधानी एडिंबरो. या शहरातून सहलीच्या मोटारगाड्या सकाळी आठाच्या सुमारास उत्तरेकडच्या डोंगराळ मुलखात निघतात आणि रात्री आठाच्या सुमारास परत येतात. बारा तासांत स्टर्लिंगचा किल्ला दुरून दिसतो, रॅनकचे विस्तीर्ण माळरान ओलांडले जाते, ग्लेनकोच्या दरीत घटकाभर मुक्काम होतो, फोर्ट विल्यमवरून गाडी लॉख नेसच्या काठी पोहोचते आणि पिटलॉक्रीच्या बाजूने माघारी वळते. गाडी हाकणारा गृहस्थच बहुधा वाटाड्याचेही काम करतो. तो वाटेतल्या स्थळांच्या कथा सांगतो आणि उतारू खिडकीबाहेर पाहत ऐकतात. ग्लेन म्हणजे दरी, लॉख म्हणजे सरोवर, बेन म्हणजे डोंगर, एवढे गेलिक भाषेतले शब्द पहिल्या दोन तासांतच सर्वांच्या तोंडी बसतात.

या सहलीहून परतलेल्या माणसाला काय पाहिले म्हणून विचारा. तो सांगेल, केवढी ती शांतता! मैलोगणती घर नाही, माणूस नाही. डोंगर, पाणी आणि मेंढरे. हे वर्णन खरे आहे. पण ही शांतता सर्वस्वी निसर्गाची देणगी आहे असे जर तो समजत असेल, तर त्याने अर्धाच प्रदेश पाहिला असे म्हणावे लागेल. म्हणून आज मी तीन साधे प्रश्न आपल्यापुढे ठेवणार आहे. ही गाडी ज्या वाटेने जाते ती वाट कोणी घातली? या दऱ्यांतली माणसे कोठे गेली? आणि हा मुलूख पाहण्यासाठी पाहुणे केव्हापासून येऊ लागले?

पहिला प्रश्न वाटेचा. अठराव्या शतकाच्या आरंभी या डोंगरांत चाकाची गाडी जाईल असा रस्ता जवळजवळ नव्हता. १६८८ च्या राज्यक्रांतीत दुसरा जेम्स राजा पदच्युत झाला. त्याच्या घराण्याला मानणारे, म्हणजे जॅकोबाइट पक्षाचे लोक, या डोंगरी टोळ्यांत पुष्कळ होते. १७१५ साली त्यांनी मोठे बंड केले. पुढे जनरल वेड या सेनापतीची नेमणूक झाली आणि १७२५ पासूनच्या सुमारे बारा वर्षांत त्याने अडीचशे मैलांच्या आसपास लष्करी रस्ते बांधून काढले. ॲबरफेल्डी येथील टे नदीवरचा १७३३ सालचा त्याचा पूल अद्याप उभा आहे. वाटेतल्या गावांची नावेच पाहा ना! फोर्ट विल्यम हे नाव तिसऱ्या विल्यम राजाचे आणि फोर्ट ऑगस्टस हे दुसऱ्या जॉर्जचा पुत्र विल्यम ऑगस्टस याचे. दोन्ही ठाणी डोंगरी लोकांवर जरब बसविण्यासाठी उभारलेली. लष्कर लवकर पोहोचावे म्हणून जे मार्ग आखले गेले, त्यांच्याच अनुरोधाने आजचा प्रवासी पुष्कळ ठिकाणी आरामात हिंडतो.

ग्लेनकोपाशी गाडी थांबते तेव्हा वाटाड्याचा आवाज आपोआप खाली येतो. येथील मॅक्डोनल्ड भावकीच्या नायकाने १ जानेवारी १६९२ पूर्वी विल्यम राजाशी निष्ठेची शपथ घ्यावयाची होती. म्हातारा ३१ डिसेंबरला फोर्ट विल्यमला पोहोचला. पण तेथील अधिकाऱ्याला शपथ देण्याचा अधिकार नव्हता. भर हिवाळ्यात बर्फ तुडवीत तो इन्व्हररीला गेला आणि ६ जानेवारीला त्याची शपथ झाली. ज्यांना उदाहरण घालून द्यावयाचे होते त्यांना हे पाच-सहा दिवस पुरले. सैन्याची एक तुकडी ग्लेनकोत पाहुणी म्हणून उतरली. सुमारे बारा दिवस शिपायांनी यजमानांच्या घरी खाल्ले, त्यांच्या शेकोटीपाशी झोप घेतली आणि १३ फेब्रुवारीच्या पहाटे त्याच यजमानांवर शस्त्र उचलले. सुमारे ३८ माणसे ठार झाली. आणखी किती तरी बायकामुले डोंगरात थंडीने गारठून मेली. लढाईत याहून मोठे संहार त्या काळी पुष्कळ झाले. तरी हाच लक्षात का राहिला? खाल्ल्या मिठाला न जागणे हे पातक कोठल्याही मुलखातल्या माणसाला समजते म्हणून. स्कॉटलंडच्या कायद्यातही विश्वास संपादून केलेल्या खुनाला वेगळे नाव होते आणि तो साध्या खुनाहून घोर मानला जाई.

१७४५ साली जॅकोबाइटांनी पुन्हा उठाव केला आणि १६ एप्रिल १७४६ रोजी कलोडनच्या माळावर तो तासाभराच्या आत चिरडला गेला. त्यानंतर पार्लमेंटने जे कायदे केले त्यांपैकी दोन ध्यानात ठेवण्याजोगे आहेत. एकाने भावकीच्या नायकांचे वंशपरंपरागत न्यायदानाचे अधिकार काढून घेतले. दुसऱ्याने पुरुषांना डोंगरी पोशाख घालण्याची बंदी केली. सरकारी पलटणीतला शिपाई तेवढा या बंदीतून मोकळा होता. ही बंदी १७८२ पर्यंत चालली.

आता दुसरा प्रश्न : माणसे कोठे गेली? क्लॅन म्हणजे ढोबळ मानाने आपल्याकडची भावकी. जमीन कागदोपत्री नायकाची असली, तरी ती सगळ्या भावकीची, नायक तिचा राखणदार, अशी लोकांची समजूत होती. जोवर हाताशी किती तलवारी आहेत यावर नायकाची प्रतिष्ठा मोजली जात होती, तोवर माणसे हीच त्याची संपत्ती होती. कलोडननंतर तलवारीला किंमत उरली नाही. नायकाचा जमीनदार झाला, तो एडिंबरो-लंडनला राहू लागला आणि त्या राहणीला रोख पैका हवा होता. दहा कुळांच्या खंडापेक्षा दक्षिणेकडचा एक मेंढपाळ व्यापारी अधिक रक्कम देऊ लागला, तेव्हा हिशेब उघडच होता. माणसे निघाली, मेंढ्या आल्या.

१७९२ साली रॉस परगण्यातल्या लोकांनी या मेंढ्यांचे हजारोंचे कळप गोळा करून परगण्याबाहेर हाकलण्याचा प्रयत्न केला. गेलिक बोलणारे लोक त्या सालाला ‘मेंढ्यांचे साल’ म्हणतात. तो उठाव मोडण्यासाठी फोर्ट जॉर्जहून जी पलटण आली, ती ब्लॅक वॉच, म्हणजे खुद्द डोंगरी शिपायांचीच. लगेच पुढच्या वर्षी, १७९३ मध्ये, फ्रान्सशी युद्ध जुंपले आणि त्याच रॉस परगण्यातून व लुइस बेटातून मॅकेंझी घराण्याच्या नायकाने ७८ वी हायलंडर पलटण उभी केली.

या पलटणीचे नाव महाराष्ट्रात अपरिचित राहू नये. २३ सप्टेंबर १८०३ रोजी, आजच्या जालना जिल्ह्यातील असईच्या रणभूमीवर शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या सैन्यासमोर वेलस्लीने जी गोरी पायदळे उभी केली, ती दोन्ही हायलंडर होती : ७४ वी आणि ७८ वी. मराठ्यांच्या तोफांनी ७४ वी पलटण जवळजवळ कापून काढली. कंपनी सरकारने पुढे दोन्ही पलटणींना निशाणावर हत्तीचे चिन्ह धारण करण्याचा मान दिला. तेव्हा आपल्या मातीत रक्त सांडणारे आणि सांडविणारे हे शिपाई ज्या मुलखातून आले, त्याच मुलखात त्या वेळी मेंढ्यांसाठी जमिनी मोकळ्या होत होत्या. साम्राज्याला माणसे हवी होती ती रणांगणावर; घरच्या जमिनीवर ती नको होती. असईच्या इतिहासाची ही दुसरी बाजू आपल्या पुस्तकांत क्वचितच येते.

पुढची हकीकत सदरलंडची. १८१४ साली स्ट्रॅथनेव्हर या दरीतून कुळे हुसकली गेली, घरांचे छप्पर पेटविण्यात आले. त्या झोपड्यांना आढ्याची लाकडे हीच मोलाची वस्तू. ती जाळली म्हणजे माणूस परत येऊन घर उभारू शकत नाही. या कामावरचा कारभारी पॅट्रिक सेलर हा स्वतःच त्या जमिनीवर मेंढ्यांचा मक्ता घेणारा होता. १८१६ मध्ये इन्व्हर्नेसला त्याच्यावर खटला झाला आणि तो निर्दोष सुटला. ज्या जमीनदाराच्या नावाने हे झाले, त्या पहिल्या ड्यूकचा प्रचंड पुतळा गॉल्स्पीजवळच्या डोंगरमाथ्यावर आजही उभा आहे.

याहून बोलका पुरावा क्रोइक या लहानशा चर्चच्या खिडकीत आहे. १८४५ साली ग्लेनकॅल्व्हीच्या कुळांना घराबाहेर काढले, तेव्हा सुमारे नव्वद माणसांनी या चर्चच्या आवारात आसरा घेतला. देवळात शिरणे त्यांना बरे वाटले नाही. ती उघड्यावर पडून राहिली. खिडकीच्या काचांवर त्यांनी आपण येथे होतो एवढे कोरून ठेवले आहे. त्या लिहिण्यात जमीनदाराला शाप नाही. उलट आपल्याच पापाचे हे फळ असावे असा भाव आहे. मौज म्हणा की शोकांतिका म्हणा, आयुष्यभर गेलिक बोलणाऱ्या या माणसांनी तेथे वापरली आहे ती इंग्रजी भाषा.

येथे न्यायाने एक गोष्ट सांगितली पाहिजे. प्रत्येक ओसाड माळ हा हुसकलेल्या गावाचाच, असे मानणे चूक होईल. रॅनकच्या दलदलीत दाट वस्ती कधीच नव्हती. लोकसंख्या वाढली होती, बटाट्यावर पोट भरत होते, आणि पुष्कळ माणसे आपण होऊनही कॅनडाच्या वाटेला लागली. टी. एम. डिव्हाइन यांनी २०१८ सालच्या आपल्या ग्रंथात दाखविले आहे की दक्षिणेच्या सखल भागातूनही कुळे अशीच नाहीशी झाली. त्यांच्या नावाने कोणी रडले नाही इतकेच. पण हे सर्व मान्य करूनही छप्पर जाळणारा हात दृष्टिआड होत नाही.

तिसरा प्रश्न पाहुण्यांचा. १८१० साली सर वॉल्टर स्कॉटचे ‘द लेडी ऑफ द लेक’ हे काव्य प्रसिद्ध झाले आणि त्यातले लॉख कॅट्रिन पाहण्यासाठी लोकांची रीघ लागली. १८२२ च्या ऑगस्टमध्ये चौथा जॉर्ज एडिंबरोला आला. राज्यावर असलेला राजा स्कॉटलंडमध्ये येण्याची पावणेदोनशे वर्षांतली ही पहिलीच वेळ. समारंभाचा सूत्रधार स्कॉट; आणि राजाने अंगावर काय घातले असेल? डोंगरी पोशाख! ज्या वेषाला चाळीस वर्षांपूर्वीपर्यंत कायद्याने बंदी होती, तो आता राजाचा दरबारी वेष झाला. ज्या सखल प्रदेशातले लोक डोंगरी माणसाला गुरेचोर म्हणून हिणवीत, तेही त्याचे चौकटीचे कापड अंगावर मिरवू लागले. डोंगरी माणसाचा वेष पूज्य झाला तो माणूस दुबळा झाल्यावर, हे विसरता कामा नये.

नंतर १८४६ साल उजाडले. त्या उन्हाळ्यात टॉमस कुक या उद्योगी गृहस्थाने लेस्टरहून सुमारे साडेतीनशे प्रवाशांची टोळी रेल्वेने व आगबोटीने स्कॉटलंडला आणली. वाटेत चहापाण्याची आबाळ झाली, बोटीवर जागा पुरल्या नाहीत. पण ग्लासगो व एडिंबरो येथे त्यांचे स्वागत झाले. वाटाड्यासह सहलीची आजची पद्धत रुजविण्यात या प्रवासाचा मोठा वाटा आहे. आणि त्याच १८४६ साली पश्चिमेकडच्या डोंगरांत व बेटांत बटाट्यावर रोग पडला, हजारो कुटुंबे अन्नाला महाग झाली व पुढे जहाजांत बसून देशांतराला गेली. एकाच वर्षी त्या मुलखात पाहुणे येऊ लागले आणि यजमानांना घर सोडण्याची पाळी आली. १८५२ मध्ये राणी व्हिक्टोरियाच्या कुटुंबाने बाल्मोरल विकत घेतले. श्रीमंतांना शिकारीचा नाद लागला, मेंढ्यांच्या जागी हरणे आली, आणि विसाव्या शतकाच्या आरंभी सुमारे ३५ लाख एकर जमीन हरणांसाठी राखून ठेवलेली होती.

लोक अगदीच मुके राहिले असे मात्र नाही. १८८२ साली स्काय बेटावरील ब्रेझच्या कुळांनी पोलिसांशी झुंज दिली. सरकारला १८८३ मध्ये चौकशी मंडळ नेमावे लागले आणि १८८६ च्या कायद्याने कुळांना जमिनीची शाश्वती, वाजवी खंड आणि वारसा हे हक्क मिळाले. तो त्यांचा कुळकायदाच म्हणा. गेलेली दरी त्याने परत दिली नाही. राहिलेल्यांचे घर मात्र वाचविले. १९९७ मध्ये एग बेटाच्या रहिवाशांनी इतरांच्या साहाय्याने आपले बेट विकत घेतले आणि २००३ च्या कायद्याने ग्रामसमाजांना जमीन खरेदीचा अग्रहक्क दिला.

सहलीतला पुष्कळसा वेळ लॉख नेसच्या राक्षसी प्राण्यापायी जातो. त्याचा बोलबाला १९३३ पासूनचा. त्याला भिण्याचे कारण नाही आणि शोधण्याचेही नाही. त्यापेक्षा उतारूंनी आपल्या बाजूचा उतार निरखावा. तांबूस-तपकिरी रानात मध्येच एखादा हिरवागार तुकडा दिसतो. तेथे कधी काळी शेणखत पडले होते. उन्हे तिरपी झाली म्हणजे जुन्या वाफ्यांच्या रेघा उठून दिसतात, आणि ओढ्याकाठी घरांची जोती गवतातून डोके वर काढतात. चांगला वाटाड्या तेथे बोट दाखवितो. पण त्याच्यापाशी बारा तासच असतात आणि त्यांतले बरेचसे चाकांवर जातात. म्हणून पाहणाऱ्याने घरून काही प्रश्न बरोबर न्यावेत. कोठल्याही रम्य, निर्मनुष्य जागी उभे राहिल्यावर, येथे पूर्वी कोण राहत होते आणि ते का गेले, एवढे विचारण्याची सवय आपल्याला लागली, तर स्कॉटलंडचे तिकीट न काढताही आजचे हे व्याख्यान कारणी लागले असे मी समजेन.