आईवर आलेला आळ



आईनें हांक मारिली तरी मान न वळविणारीं, एखादी बशी गरगर फिरविण्यांत तासन् तास रंगून जाणारीं मुलें आपल्यापैकीं कित्येकांनीं पाहिलीं असतील. बाल्टिमोरचे डॉक्टर लिओ कॅनर यांनीं १९४३ सालीं अशा ११ मुलांचें वर्णन प्रसिद्ध केलें. या अवस्थेस आज आपण स्वमग्नता म्हणतों. हा दोष जन्मजात असावा, असें त्यांनीं त्याच निबंधांत लिहिलें; परंतु या मुलांच्या आईबापांत माया फारशी आढळली नाहीं, असा शेराही जोडला. १९४९ सालीं तर हीं मुलें जणूं शीतपेटींत ठेविलेलीं होतीं, अशी उपमा त्यांनीं योजिली. जन्मजात दोषाची गोष्ट मागें पडली आणि ‘शीतपेटी-माता’ हा शब्द मात्र रूढ झाला.

या कल्पनेला उपचाराचें रूप देणाऱ्यांत शिकागो येथील ऑर्थोजेनिक शाळेचे संचालक ब्रूनो बेटलहाइम प्रमुख होते. हिटलरच्या छळछावणींत त्यांनीं स्वतः यातना भोगिल्या होत्या. तेथील कैदी जसा मनानें मिटून जाई, तसेंच आपण आईबापांना नकोसे आहोंत या जाणिवेनें मूल मिटून जातें, असें त्यांनीं १९६७ सालीं ‘द एम्प्टी फोर्ट्रेस’ या ग्रंथांत प्रतिपादिलें. अर्थात् मुलाला घरापासून तोडून दीर्घकाळ शाळेंत ठेवणें, हाच उपाय ठरला. मूल दुरावलें तें दुरावलेंच, वर आईच्या माथीं आळ आला.

या मताविरुद्ध उभे राहिले ते अशाच एका मुलाचे वडील, मानसशास्त्रज्ञ बर्नार्ड रिमलंड. दोष शरीराचा आहे, मायेच्या अभावाचा नव्हे, असें त्यांनीं १९६४ सालींच ग्रंथ लिहून मांडिलें होतें. १९६९ सालीं खुद्द कॅनर यांनीं भर सभेंत आईबापांना दोषमुक्त केलें. १९७७ सालीं सुझन फोल्स्टीन व मायकेल रटर यांनीं जुळ्यांच्या २१ जोड्यांची पाहणी प्रसिद्ध केली. एकरूप जुळ्यांच्या ११ जोड्यांपैकीं ४ जोड्यांत दोन्ही मुलें स्वमग्न निघालीं. भिन्नरूप जुळ्यांच्या १० जोड्यांत असें एकदांही घडलें नाहीं. आनुवंशिकतेचा हा भक्कम पुरावा होता.

उपपत्ति अशी कोसळली. संशय मात्र उरला. माझ्या वर्गांत असा एक मुलगा होता. त्याच्या आईला मीं साऱ्या वर्गादेखत, “बाई, घरीं जरा लक्ष द्या,” असें सुनावलें. तिनें मुलाचें दप्तर उचललें आणि एक शब्दही न बोलतां ती निघून गेली. तेव्हां मीं बेटलहाइम यांचें नांवही ऐकलें नव्हतें. आईला दोष देण्याची संवय शिकागोहून यावी लागत नाहीं. ती आपल्या अंगीं आधींच असते.

म्हणून सांगतों, अशी माता दारीं आली तर तिला जाब विचारूं नका. बसावयास आसन द्या आणि तिचें ऐकून घ्या.