पाण्याआधीचे विरघळणे : थायोटिमोलीनचा वाङ्मयीन इतिहास

कालप्रवासाच्या कथेत विरोधाभास बहुधा कथानकातील पेच म्हणून अवतरतो. कार्य आधी आणि कारण मागाहून, अशी उलटापालट झाली की पात्रे गोंधळतात आणि लेखक त्यांची सुटका करतो. एच. जी. वेल्स यांच्या 1895 मधील कादंबरीतल्या कालयंत्रावर दिवस मोजणाऱ्या तबकड्या आहेत. परंतु त्या मोजतात ते प्रवासाचे अंतर. कार्य कारणाच्या किती पुढे धावले, हे मोजण्याची गरज त्या कादंबरीला भासत नाही. अशा मापाची एक संपूर्ण कल्पित शास्त्रशाखा 1948 साली अवतरली, आणि लक्षणीय बाब अशी की ती कथेच्या रूपात नव्हे, तर शोधनिबंधाच्या रूपात अवतरली.

आयझॅक असिमॉव्ह तेव्हा न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्रातील डॉक्टरेटसाठी काम करीत होते. प्रयोगात वापरले जाणारे कॅटेकॉल पाण्याच्या पृष्ठभागाला स्पर्श होताच विरघळे. विद्राव्यता याहून अधिक असती, तर हा पदार्थ पाणी लागण्याआधीच विरघळला असता काय, अशी कल्पना त्यांना सुचली. दुसरीकडे प्रबंध लिहिण्याची वेळ जवळ येत होती आणि अनेक वर्षे कथालेखन केलेल्या या विद्यार्थ्याला प्रबंधाची कोरडी, कर्मणी प्रयोगांनी जड झालेली भाषा जमेल की नाही, ही शंका होती. त्या भाषेचा सराव म्हणून लिहिला गेलेला ‘पुनःसंप्लवित थायोटिमोलीनचे अंतःकालिक गुणधर्म’ या अर्थाच्या शीर्षकाचा लेख ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’ या मासिकाच्या मार्च 1948 च्या अंकात प्रसिद्ध झाला.

या संहितेत नायक नाही, संवाद नाही, घटना म्हणावी अशी घटनाही नाही. आहेत ती कोष्टके, आलेख आणि अस्तित्वात नसलेल्या नियतकालिकांचे संदर्भ. थायोटिमोलीन हा पदार्थ पाणी घालण्यापूर्वी 1.12 सेकंद विरघळतो, आणि हा अवधी ‘एंडोक्रोनोमीटर’ नावाच्या उपकरणाने मोजता येतो. दशांश चिन्हापुढील दोन स्थळे येथे फार मोठे काम करतात. ‘आधी’ एवढेच म्हटले असते तर ती अद्भुतकथा झाली असती, ‘1.12’ म्हटल्याबरोबर तर्काला न पटणारी गोष्ट नोंदवहीत जागा मिळवते. विज्ञानाचे प्रामाण्य आशयात किती आणि लेखनाच्या रूपबंधात किती, हा प्रश्न हे विडंबन कोणताही आव न आणता पुढे ठेवते.

माप स्थिर राहिले असते तर विनोद तेथेच संपला असता. परंतु पाणी घालणाऱ्याचा निश्चय डळमळीत असेल तर हा अवधी कमी होतो, असेही हा निबंध नोंदवतो. म्हणजे पदार्थ ओळखतो तो पाण्याला नव्हे, तर पाणी घालणाऱ्याच्या हेतूला! काळाचे म्हणून तयार झालेले उपकरण माणसाच्या इच्छाशक्तीचे उपकरण ठरते. 1953 च्या पुढील लेखात याच धाग्यावर मनोविकारांचे निदान उभारले आहे. दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाच्या माणसाच्या हाती थायोटिमोलीनचा काही भाग आधी विरघळतो, काही मागाहून. पात्राचे मन उकलून दाखवणे हा एरवी कादंबरीचा प्रांत. तो येथे परीक्षानळीत येऊन बसतो.

1960 च्या तिसऱ्या लेखात विरोधाभास उघडपणे समोर येतो. अनेक एंडोक्रोनोमीटर एकमेकांना जोडून अवधी एका दिवसापर्यंत लांबवला, आणि पदार्थ विरघळल्यावर पाणी घालायचेच नाही असे ठरवले, तर काय होईल? लेखाचे उत्तर असे की पाणी कोठून तरी येतेच, प्रसंगी चक्रीवादळाच्या रूपानेही. मापन खोटे ठरू नये म्हणून सृष्टीच हस्तक्षेप करते. शोकात्मिकेच्या वाचकाला ही रचना अपरिचित नाही. भाकीत टाळण्यासाठी उचललेले पाऊलच भाकिताकडे नेते, हे ईडिपसच्या कथेचे सूत्र येथे विनोदाच्या वेषात परतले आहे.

या लेखनामागील जोखीम मात्र विनोदी नव्हती. तोंडी परीक्षा जवळ आली असल्याने असिमॉव्ह यांनी संपादक जॉन कॅम्पबेल यांच्याकडे टोपणनावाचा आग्रह धरला होता. लेख छापला गेला तो खऱ्या नावानेच. मे 1948 मधील परीक्षेच्या अखेरीस एका परीक्षकाने थायोटिमोलीनच्या ऊष्मागतिकीय गुणधर्मांविषयी गंभीरपणे प्रश्न केला. उमेदवाराला हसू आवरेना. अनुत्तीर्ण करावयाच्या विद्यार्थ्याची अशी थट्टा कोणी करणार नाही, हे त्याने ओळखले होते. मराठी वाचकाला येथे 1974 चे स्मरण व्हावे. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत जयंत नारळीकरांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली होती. एका ठिकाणी कल्पित लेखनाने वैज्ञानिकाच्या नावाला डाग लागण्याची भीती, तर दुसऱ्या ठिकाणी वैज्ञानिकाच्या नावाचे वजन कथेच्या पारड्यात पडू नये ही दक्षता. दोन्ही प्रसंगांत लेखकनाम हा संहितेच्या अर्थाचाच एक घटक आहे.

1996 मध्ये भौतिकशास्त्रज्ञ ॲलन सोकल यांनी ‘सोशल टेक्स्ट’ या नियतकालिकात मुद्दाम रचलेला निरर्थक निबंध छापून आणला आणि सिद्धान्तनाच्या भाषेवर मोठा वाद पेटला. सोकल यांच्या संहितेला फसवणूक आवश्यक होती, कारण कल्पित असल्याचे आधी कळले असते तर तिचा हेतूच उरला नसता. थायोटिमोलीनचा लेख कल्पित साहित्याच्या मासिकात, काहीही न लपवता छापला गेला होता. तरीही काही वाचक न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात जाऊन त्यातील बनावट नियतकालिके मागू लागले. त्यांना भोळे म्हणणे सोपे आहे. वस्तुतः त्यांनी शोधनिबंध जसा वाचावयाचा तसाच तो वाचला, म्हणजे संदर्भ तपासावयास ते निघाले. ग्रंथालयाच्या खिडकीशी त्यांना नकार मिळाला तेव्हा विज्ञानाची रीत आणि विज्ञानाची भाषा यांच्यातील अंतर स्पष्ट झाले. भाषेची नक्कल होऊ शकली. पडताळणीची होऊ शकली नाही. त्या लेखाने खरोखर मोजले असेल, तर ते हे अंतर.