पडद्यामागील दामले

महाशिवरात्रीस वैनगंगेच्या काठी मार्कंड्याची यात्रा भरते. तेथे तंबूतील सिनेमात आम्ही बालपणी 'संत तुकाराम' हा बोलपट प्रथम पाहिला. अखेरीस विमान वैकुंठास निघाले तेव्हा वृद्ध मंडळींनी बसल्या जागी हात जोडले. परतताना बंडीत तुकोबा झालेल्या विष्णुपंत पागनीसांचे नाव सर्वांच्या मुखी होते. ते विमान उडविले कोणी, हे विचारण्याचे कोणास सुचले नाही, आम्हांसही नाही.

तो बोलपट १९३६ सालचा; दिग्दर्शक विष्णुपंत दामले व शेख फत्तेलाल. दामल्यांचा जन्म १८९२ सालचा. कोल्हापुरात आनंदराव व बाबूराव पेंटर या मेस्त्री बंधूंच्या हाताखाली ते चित्रकला शिकले. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत फत्तेलालांशी त्यांची जी जोडी जमली, ती धर्मभेदाने कधी उसवली नाही. १९२८ साली दोघांनी 'महारथी कर्ण' दिग्दर्शित केला आणि पुढील वर्षी शांताराम, धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह 'प्रभात' स्थापन केली.

पुढे बोलपट आला. १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'चे ध्वनिलेखन दामल्यांनी केले. आवाज त्या काळी चित्रणाबरोबरच टिपावा लागे. नट स्वतःच गाई, वादक चौकटीबाहेर दडून बसत, आणि एक सूर चुकला तर सारे पुनश्च आरंभावे लागे. रंगाच्या कुंचल्यावर वाढलेल्या माणसाने हे यंत्र चाळिशीच्या उंबरठ्यावर आत्मसात केले. (चाळिशीनंतर नवे गणित शिकविणे अशक्य, असे म्हणणारे आमचे काही सहशिक्षक येथे स्मरतात!) 'तुकाराम' मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला, १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवातही गौरविला गेला. दामले १९४५ साली निवर्तले. पुण्यातील प्रभातच्या वास्तूत १९६० साली सरकारी चित्रपट संस्था सुरू झाली.

हे लिहिण्यास एक कारण घडले. आमच्या ज्ञातीतील गडचिरोलीकडील एक मुलगा मुंबईस ध्वनिलेखनाचे काम शिकून तेथेच लागला आहे. त्याचे वडील विचारणाऱ्यास 'कंपनीत आहे' एवढेच सांगतात. गतवर्षीच्या स्मरणिकेतील गुणवंतांच्या यादीत डॉक्टर, अभियंते, इतकेच काय, एका नाटकात शिपायाची भूमिका केलेला तरुणही होता. या मुलाचे नाव नव्हते. ती यादी आम्हीच तयार केली होती.