गावकी, भावकी आणि जातपंचायत

आमच्या दिंडोरीकडे बांधावरून भांडण पेटलं की अजूनही कुणीतरी म्हणतंच, "कोर्टात कशाला जाता? गावकीत मिटवा." कोर्टाच्या तारखा ज्याने मोजल्यात त्याला हे पटतंच. २००७ साली सरकारनेही तंटामुक्त गाव मोहीम काढून गावोगावी समित्या नेमल्या, म्हणजे गावकीवर शिक्काच मारला म्हणा ना!

पण "पंच" म्हटलं की आपण दोन वेगळ्या गोष्टी एकाच पोत्यात भरतो. शिवकाळात आणि पेशवाईत वतनाचे, हद्दीचे तंटे गोतसभेपुढे जात. तिथे पाटील, कुलकर्णी तर असतच, शिवाय सुतार, कुंभार, न्हावी, महार हे बलुतेदारही बसत. आधी वादी-प्रतिवादींकडून निवाडा मान्य करू असा राजीनामा लिहून घ्यायचा, मग साक्षी, मग महजर. त्यावर ज्याची त्याची निशाणी, पाटलाचा नांगर वगैरे. स्थानिक गोतावर विश्वास नसेल तर परस्थळी निवाडा मागता येई. सगळं गोड नव्हतं हो. साक्षी-पुरावा अडला की उकळत्या तेलातुपात हात घालायचं दिव्यही होतं, आणि सभेत बाई क्वचितच. पण निवाडा अनेक जातींसमोर, उघड्यावर व्हायचा.

जातपंचायतीचं तसं नाही. तिथे पंच जातीतले, दंड जातीत आणि वर दाद कुठेच नाही. एल्फिन्स्टनच्या १८२७ च्या कायद्याने जातीच्या प्रश्नांत दिवाणी कोर्टांनी पडू नये असं ठरवलं. मला वाटतं, पंचांना मोकळं रान मिळालं ते तिथेच. मुंबई राज्याने १९४९ साली बहिष्काराविरुद्ध कायदा केला खरा, पण तो दाऊदी बोहरा धर्मगुरूंच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली रद्द केला.

मग २०१३. नाशिक शहरात, म्हणजे आमच्यापासून तासाभरावर, जातीबाहेर लग्न केलेल्या गर्भवती मुलीला बापानेच मारलं. त्यामागे जातपंचायतीचा धाक असल्याचं पुढे आलं आणि अंनिसने जातपंचायतींविरुद्ध मोहीम इथूनच उभी केली. सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा २०१६ ला मंजूर झाला, जुलै २०१७ पासून लागू झाला. तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही.

तक्रार मात्र त्याच घरातल्या माणसाने करायची, ज्याच्या पोरांची लग्नं त्याच जातीत व्हायची असतात. हे अवघड आहे. म्हणून कुणी सहज "पंचांकडे जाऊ" म्हणालं, की मी हल्ली आधी विचारते, कुठले पंच? आणि नाही पटलं तर उठून जाता येईल ना?