दार, रान आणि सखा

अमेरिकेतल्या सिअ‍ॅटल शहरी, वॉशिंग्टन विद्यापीठात, १९०८ साली वनशास्त्राच्या विद्यार्थ्यांची एक संस्था सुरू झाली. तिचं नाव ‘झाय सिग्मा पाय’. नावात झाड नाही की पान नाही. ग्रीक वर्णमालेतली तीन अक्षरं तेवढी आहेत. अशा संस्थांना तिकडे ‘ऑनर सोसायटी’ म्हणतात. अभ्यासात वरचा क्रमांक असलेल्या विद्यार्थ्यांना तिथं सभासद म्हणून निवडून घेतलं जातं. आपल्याकडे गावच्या उत्सवात मानकरी असतात, तसे हे विद्येचे मानकरी.

अक्षरांची नावं घेण्याची ही रीत जुनी आहे. १७७६ साली विल्यम अँड मेरी कॉलेजात ‘फाय बीटा कॅपा’ ही मंडळी जमली. तीन ग्रीक शब्दांची ती आद्याक्षरं, आणि त्यांचा अर्थ ‘ज्ञानाची ओढ हीच आयुष्याचा सुकाणूधारक’. त्यातला तिसरा शब्द ‘किबर्नेटीस’ म्हणजे नाव हाकणारा, आपल्या कोळीवाड्यातला तांडेल. आज सायबर गुन्हे, सायबर पोलीस म्हणताना आपण त्या तांडेलाचाच शब्द उच्चारत असतो.

‘झाय’ हे अक्षर वनशास्त्राच्या माणसाला मुळीच परकं नाही. लाकडाला ग्रीक भाषेत ‘झायलॉन’ म्हणतात, आणि तो शब्द याच अक्षरानं सुरू होतो. खोडातून पाणी वर चढवणाऱ्या ऊतीचं नाव झायलम, लाकडी पट्ट्यांवर वाजवायच्या वाद्याचं नाव झायलोफोन. मोठ्या लिपीतलं हे अक्षर कागदावर काढून पाहा: एकावर एक तीन आडव्या रेघा, वखारीत रचलेल्या ओंडक्यांसारख्या. आणि शेवटचं ‘पाय’? दोन उभे खांब, वर एक आडवी तुळई. थेट दाराची चौकट. ही चौकट लक्षात ठेवू; तिच्याकडे परत यायचं आहे.

या संस्थेच्या पदाधिकाऱ्यांची नावंही रानातली आहेत. तिथं अध्यक्षाला अध्यक्ष म्हणत नाहीत, ‘फॉरेस्टर’ म्हणतात, आणि कार्यकारिणीत एक ‘रेंजर’ही असतो. महाराष्ट्राच्या वनखात्यात फॉरेस्टर म्हणजे वनपाल, आणि त्याच्या वर रेंजर, म्हणजे वनक्षेत्रपाल. तिकडे फॉरेस्टर सगळ्यांच्या वर. शब्द तेच, चढण उलटी. रेंजर हा मुळात हद्दीतून फिरणारा, पायाखाली रान घालणारा माणूस. तो अर्थ दोन्हीकडे टिकला आहे.

आता खुद्द ‘फॉरेस्ट’ या शब्दाकडे वळू. ऐकताना वाटतं, याचा मूळ अर्थ झाडी असणार. तसं नाही. फ्रँकिश राजांच्या काळातल्या लॅटिन दस्तऐवजांत ‘फॉरेस्टिस’ हा शब्द भेटतो तो राजानं स्वतःसाठी राखलेल्या मुलखाला उद्देशून. बहुतेक अभ्यासक तो ‘फोरिस’ या शब्दाशी जोडतात. फोरिस म्हणजे बाहेर, अगदी शब्दशः दाराबाहेर. कारण लॅटिनमधला ‘फोरेस’ म्हणजे दार. हा फोरेस, इंग्रजी ‘डोअर’, संस्कृत ‘द्वार’ आणि आपलं ‘दार’ ही सगळी एकाच घरातली भावंडं. म्हणजे फॉरेस्ट या शब्दात आपलं दार लपलेलं आहे आणि जंगल त्या दाराच्या पलीकडे आहे. ‘फॉरिन’ हा शब्दही त्याच फोरिसपासून आला: दाराबाहेरचा, म्हणून परका.

इंग्लंडात नॉर्मन राजांनी हा शब्द कायद्यात पक्का केला. विल्यम राजानं १०७९च्या सुमारास राखलेलं ‘न्यू फॉरेस्ट’ आजही त्याच नावानं ओळखलं जातं. त्या हद्दीत गावं होती, कुरणं होती, उघडे माळ होते. डार्टमूरसारखा झाडांवाचूनचा माळही फॉरेस्ट म्हणवला गेला. झाड असो वा नसो, तिथं राजाचा कायदा चाले आणि शिकार राजाची असे. एवढ्यानं मुलूख फॉरेस्ट ठरे.

मराठी खेड्यात हा अर्थ मी स्वतः ऐकला आहे. गवताचं पातंही नसलेल्या टेकडीकडे बोट दाखवून माणसं सांगतात, “ती जागा फॉरेस्टची आहे, तिकडे गुरं नेऊ नका.” त्या वाक्यात फॉरेस्ट म्हणजे झाडी नव्हे, फॉरेस्ट म्हणजे हद्द आणि खातं. शाळेत फॉरेस्ट म्हणजे जंगल असं शिकलेल्यांपेक्षा हा गुराखी शब्दाच्या मुळाशी जास्त जवळ आहे, कारण त्या हद्दीचा काच त्यानं सोसला आहे.

त्या काचाला दुसरा एक शब्द आहे: राखीव. अमेरिकेतही सरकारी जंगलांना ‘फॉरेस्ट रिझर्व्ह’ म्हणत. १९०७ साली ते नाव बदलून ‘नॅशनल फॉरेस्ट’ केलं गेलं. तेव्हा तिथल्या वनखात्याचे प्रमुख गिफर्ड पिंचो होते. जंगल कडीकुलपात ठेवायची वस्तू नाही, ते नीट जपत लोकांच्या उपयोगी आणायचं, अशी त्यांची भूमिका होती. तरुणपणी पिंचोंना वाट दाखवली होती डीट्रिख ब्रँडिस यांनी, १८६४ पासून हिंदुस्थानच्या वनखात्याचे पहिले मुख्य अधिकारी असलेल्या जर्मन वनशास्त्रज्ञानं. आपल्या राखीव जंगलांच्या व्यवस्थेचा पाया घालणाऱ्या माणसाचाच शिष्य तिकडे ‘राखीव’ हा शब्द मागे पडताना खात्याच्या शिरोभागी होता. पुढच्याच वर्षी सिअ‍ॅटलची ही सोसायटी जन्मली.

परकेपणाचा हा शिक्का एकट्या लॅटिनचा नाही. संस्कृतातला ‘अरण्य’ हा शब्द ‘अरण’पासून आला, आणि अरण म्हणजे दूरचा, परका. लॅटिन लिहिणाऱ्यांनी आणि संस्कृत बोलणाऱ्यांनी वनाला नाव दिलं ते घराच्या उंबऱ्यात उभं राहून. दोघांनाही आधी दिसलं ते अंतर, मग झाड.

या परकेपणाला उत्तर ‘ऑनर सोसायटी’ या वर्णनातल्या दुसऱ्या शब्दात आहे. ‘सोसायटी’ म्हटलं की आपल्याला इमारत आठवते, नाहीतर पीककर्ज देणारी गावची विकास सोसायटी. पण शब्दाचं मूळ लॅटिन ‘सोशियस’, म्हणजे सोबती. आणि सोशियसचा संस्कृतातला भाऊ आहे ‘सखा’. झाय सिग्मा पायच्या उद्दिष्टांत अभ्यासाचा दर्जा उंच राखणं आणि वनव्यवसायाची उभारणी यांच्या जोडीला, वनांसाठी मनापासून राबणाऱ्यांत बंधुभाव वाढवणं हेही लिहिलेलं आहे. जे दाराबाहेरचं, त्याच्यासाठी जमलेले सखे. ‘पाय’ या अक्षराची चौकट मला इथं आठवते. तिच्यातून बाहेर पडायचं ते एकट्यानं नाही, सोबतीनं.

असा प्रवास मराठीनं एका शब्दाच्या बाबतीत केव्हाच पुरा केला आहे. अरण्यातला पहिला ‘अ’ प्राकृतात गळला, ‘रण्ण’ झालं, आणि त्याचं झालं ‘रान’. रानडुक्कर, रानमेवा, रानवाट यांत तो जुना अर्थ आहेच. पण पश्चिम महाराष्ट्रातल्या कुठल्याही खेड्यात दुपारी एखाद्याच्या दारात जाऊन विचारा, घरधनी कुठं आहेत? आतून उत्तर येतं, “रानात गेल्यात.” म्हणजे शेतावर गेले आहेत. परक्या मुलखाचं नाव रोजच्या कामाच्या, भाकरी बांधून न्यायच्या जागेला मिळालं. पिढ्यान् पिढ्या माणसं तिथं जात राहिली, राबत राहिली, म्हणून तो शब्द आपला झाला. वनशास्त्र शिकणाऱ्या मुलांच्या हातूनही जंगलाच्या बाबतीत हेच व्हावं, असं मला मनापासून वाटतं.